पहिले बोल : त्रिलोक गुर्टू यांची तालयात्रा

(शाळेच्या हीरक महोत्सवानिमित्त माजी विद्यार्थी व पालक यांच्या मेळाव्यात दिलेल्या भाषणाचा मजकूर)



महाराष्ट्राबाहेरच्या मराठी शाळेने साठ वर्षे पुरी केली, याचा एक अर्थ असा की एकच प्रश्न तिच्या कार्यालयाच्या दारात साठ वेळा येऊन उभा राहिला. प्रवेशाच्या दिवसांत आई-वडील मुलाचा हात धरून येतात, अर्ज भरतात आणि निघता निघता जरा संकोचाने विचारतात, ‘‘मराठीतून शिकला, तर पुढे याचे कुठे अडणार तर नाही ना?’’ घराबाहेर निराळी भाषा, कचेरीत इंग्रजी आणि मराठी बोलणारी घरे बोटांवर मोजण्याइतकी. अशा गावात राहणाऱ्या पालकाने हा प्रश्न विचारला, तर त्यात गैर काहीच नाही. मुलाच्या उद्याची काळजी त्या प्रश्नामागे असते. म्हणून त्याचे उत्तरही जबाबदारीने द्यायला हवे.

त्या उत्तराच्या शोधात आज शाळेच्या आवारापासून बरेच दूर, संगीताच्या क्षेत्रात जाऊ या. मुंबईत तबला शिकलेला एक मुलगा पुढे युरोप-अमेरिकेतील जॅझच्या रंगमंचावर गेला आणि तेथील अव्वल तालवादकांत त्याची गणना झाली. त्याचे नाव त्रिलोक गुर्टू. आपल्याकडील सर्वसामान्य रसिकाला उस्ताद झाकिर हुसेन हे नाव जितके परिचित आहे, तितके हे नाव नाही. पण त्यांच्या कारकिर्दीचा आलेख नीट पाहिला, तर दारात उभ्या राहिलेल्या त्या प्रश्नाचे उत्तर हाती लागण्यासारखे आहे.

प्रथम त्यांचे घर पाहू. त्रिलोक गुर्टू यांचा जन्म 30 ऑक्टोबर 1951 रोजी मुंबईत झाला. त्यांची आई म्हणजे ठुमरीच्या विख्यात गायिका शोभा गुर्टू. शोभाताईंचे माहेरचे नाव भानुमती शिरोडकर. त्यांचा जन्म 1925 साली बेळगावचा. त्यांच्या मातोश्री मेनकाबाई शिरोडकर या नृत्यांगना आणि गायिका. जयपूर-अत्रौली घराण्याचे प्रवर्तक उस्ताद अल्लादिया खाँ यांची तालीम त्यांना लाभली होती. शोभाताईंना पहिले धडे आईकडून मिळाले आणि पुढे अल्लादिया खाँसाहेबांचे धाकटे चिरंजीव उस्ताद भुर्जी खाँ यांच्याकडून ख्यालाची तालीम मिळाली. नंतर उस्ताद घम्मन खाँ यांच्या सहवासात ठुमरी-दादऱ्याचे दालन त्यांच्यापुढे खुले झाले. सासरही संगीताचे होते. सासरे पंडित नारायणनाथ गुर्टू पोलीस खात्यातले अधिकारी, पण सतारवादक आणि संगीताचे व्यासंगी. मराठी रसिकांना शोभाताईंचा आवाज ‘सामना’सारख्या चित्रपटामुळेही परिचित आहे. 1987 साली संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार आणि 2002 साली ‘पद्मभूषण’ देऊन त्यांचा गौरव झाला.

ज्या घरात आजीच्या पायांत घुंगरू आणि आईच्या गळ्यात ठुमरी, त्या घरात तालाचे शिक्षण पाटीवर अक्षर उमटण्याआधीच सुरू होते. त्रिलोक यांचे तबल्याचे गुरू शाह अब्दुल करीम. तबला कसा शिकवला जातो, हे येथे थोडे समजून घेतले पाहिजे, कारण पुढच्या साऱ्या कथेचे मूळ तेथे आहे. तबल्यावरच्या प्रत्येक आघाताला एक अक्षर आहे. धा, धिं, ना, तिरकिट, धिरधिर अशी ही अक्षरे. विद्यार्थी ती आधी मुखाने म्हणतो, हाताने टाळी-खाली दाखवत पाठ करतो आणि मग ती बोटांतून उतरवतो. या मुखोद्गत पठणाला ‘पढंत’ म्हणतात. बोल ज्याच्या जिभेवर स्वच्छ, त्याचा हातही स्वच्छ, असा तबल्याच्या शिक्षणातला अनुभव आहे. सोळा मात्रांचा तीनताल पहिल्या मात्रेवर, म्हणजे समेवर सुरू होतो, नवव्या मात्रेच्या खालीवरून जातो आणि पुन्हा समेवर येतो. या आवर्तनाचे भान एकदा अंगात मुरले की वादक कितीही दूर भटकला तरी घरी परतण्याची वाट विसरत नाही. गणित आणि काव्य यांचा असा मेळ असलेली ही एक संपूर्ण भाषाच आहे, आणि त्रिलोक यांची तालाची पहिली भाषा हीच.

आता त्या काळची मुंबई पाहू. जॅझ हे संगीत अमेरिकेतील कृष्णवर्णीय समाजाने घडवले, पण मुंबईला ते नवखे नव्हते. 1930 नंतरच्या दशकात ताजमहाल हॉटेलात परदेशी जॅझ वाद्यवृंद वाजत होते, आणि त्यांच्याकडून ही कला उचलण्यात गोव्याचे वादक आघाडीवर होते. चर्चच्या शाळांतून स्वरलेखन शिकून मुंबईस आलेल्या या वादकांनी रात्री हॉटेलांत जॅझ वाजवला आणि दिवसा हिंदी चित्रपटांचा वाद्यवृंद उभा केला. ट्रम्पेटवादक चिक चॉकलेट त्यांतलेच. सी. रामचंद्र यांच्या संगीतातला पाश्चात्त्य डौल ज्यांच्या साहाय्याने खुलला, त्यांत त्यांचा वाटा मोठा होता. भगवानदादांचा ‘अलबेला’ 1951 साली पडद्यावर आला, म्हणजे त्रिलोक यांचे आणि त्या चित्रपटाचे जन्मवर्ष एकच. तात्पर्य, घरात तबला आणि रस्त्यावर ट्रम्पेट, असे दोन्ही सूर या मुलाच्या कानांवर पडावेत असेच ते शहर होते.

त्रिलोक मोठे होऊ लागले तसे रॉक आणि जॅझच्या ध्वनिमुद्रिका ऐकू लागले. त्यांनी स्वतः 1995 साली जिमी हेंड्रिक्सवरील एका दूरचित्रवाणी कार्यक्रमात सांगितलेली एक हकीकत मोठी बोलकी आहे. ध्वनिमुद्रणशाळेत एकच वादक निरनिराळ्या वेळी निरनिराळे भाग वाजवतो आणि ते एकावर एक चढवून मुद्रिका तयार होते, हे त्यांना ठाऊक नव्हते. मुद्रिकेवर ऐकू येते ते सारे एकच माणूस एकाच वेळी वाजवत असणार, असे समजून ते तसे वाजवण्याच्या खटपटीला लागले. सामान्यतः कोणी वाट्याला गेले नसते असे काम अज्ञानामुळे त्यांच्याकडून झाले. शिक्षकांनी आणि पालकांनी या प्रसंगातून एक गोष्ट ध्यानी घ्यावी. ‘हे अवघड आहे’ असे मुलाला आधी सांगून टाकले नाही, तर ते कधी कधी अवघड गोष्ट करून मोकळे होते.

1970 नंतरच्या दशकात ते तबल्याबरोबर ड्रमसेटही वाजवू लागले. या दोन वाद्यांतले अंतर लहान नाही. तबला बोटांनी आणि तळहाताने बोलतो. ड्रमसेट काठ्यांनी आणि पायांनी चालतो. मोठा ढोल पायाने वाजवण्याचे पेडल 1909 साली अमेरिकेत लुडविग यांनी पेटंट करून प्रचारात आणले, तेव्हापासून पूर्वी दोघा-तिघांनी करायचे काम स्टुलावर बसलेला एकच वादक सहज करू लागला. तालाचा विचारही भिन्न. आपला श्रोता समेवर मान डोलावतो. जॅझच्या श्रोत्याच्या चुटक्या चार मात्रांपैकी दुसऱ्या आणि चौथ्या मात्रेवर पडतात. तेथील मात्रेचे दोन भाग समान नसतात, त्यांना एक झोका असतो, आणि तो लिहून दाखवणे कठीण, ऐकूनच अंगी बाणवावा लागतो. मात्र एक मोठे साम्य आहे. जॅझमधील पुष्कळशा गीतांचा आराखडा बत्तीस मापांचा असतो. मूळ धून एकदा वाजली की प्रत्येक वादक त्याच आराखड्याच्या फेऱ्या करत उत्स्फूर्त विस्तार करतो आणि फेरी पुरी होताच सर्व जण पहिल्या मापावर भेटतात. आवर्तनात जगलेल्या माणसाला हे घर अगदीच परके वाटले नसेल.

या दोन भाषांची सांगड त्रिलोक यांनी कशी घातली, ते त्यांच्या बैठकीवरून दिसते. ड्रमवादकाचे स्टूल त्यांनी दूर केले. ते जमिनीलगत, गुडघ्यावर अर्धवट टेकून बसतात, आणि ड्रम, झांजा, तबला ही सारी मांडणी त्या बैठकीच्या बेताने खाली आणलेली असते. त्यामुळे काठ्या खाली ठेवून हात तबल्यावर न्यायला क्षण पुरतो. शेजारी पाण्याने भरलेली बादलीही असते. वाजती झांज किंवा शिंपल्यांची माळ ते पाण्यात बुडवतात. झांज पाण्यात उतरताना तिचा नाद खाली झुकत जातो, आणि आघाताच्या वाद्यातून मींडेची आठवण व्हावी असा ध्वनी निघतो. ड्रमसेट त्यांनी मनापासून स्वीकारला, पण त्याच्यासाठी आपली बैठक मोडली नाही. वाद्यालाच आपल्या बैठकीवर बोलावून घेतले.

त्यांची पुढची कर्मभूमी युरोप. जर्मनीतील हॅम्बुर्ग येथे त्यांनी दीर्घकाळ वास्तव्य केले. या वाटेवर त्यांना भेटलेली माणसेही दोन संस्कृतींच्या मध्ये उभी असलेली होती. चार्ली मारियानो हे अमेरिकन सॅक्सोफोनवादक आपल्या दक्षिणेतील नादस्वरम् शिकलेले होते. ट्रम्पेटवादक डॉन चेरी यांनी तर जगभरचे लोकसंगीत आपलेसे केले होते. अशांच्या संगतीत त्रिलोक यांचा तबला ‘पौर्वात्य चव’ देण्यापुरता उरला नाही. रचनेच्या मूळ विचारात त्याला स्थान मिळाले.

मग एक हृदयद्रावक योगायोग घडला. ‘ओरेगॉन’ नावाचा चौघांचा एक अमेरिकन संच होता. त्यातील कॉलिन वॉलकॉट हे पंडित रविशंकर यांच्याकडे सतार आणि उस्ताद अल्लारखाँ यांच्याकडे तबला शिकलेले. नोव्हेंबर 1984 मध्ये पूर्व जर्मनीतील दौऱ्यात वाहन-अपघातात त्यांचे निधन झाले. त्यांच्या रिकाम्या जागी पुढे त्रिलोक गुर्टू आले. भारतीय वाद्ये शिकलेल्या अमेरिकनाच्या जागी पाश्चात्त्य वाद्य शिकलेला भारतीय बसला. ‘इकोटोपिया’ (1987) पासून तीन ध्वनिमुद्रिकांत त्यांनी या संचाला साथ दिली. दिवंगत सहकाऱ्याच्या जागी बसणे नाजूक काम असते. त्याची नक्कल केली तर ती पोकळ ठरते, आणि त्याला विसरून वागले तर मन दुखावते. वॉलकॉट यांना तबला परिश्रमाने मिळाला होता, त्रिलोक यांना तो घरातून मिळाला होता. त्यामुळे नक्कल करण्याची गरज त्यांना भासली नसावी.

1980 च्या दशकाअखेर गिटारवादक जॉन मॅक्लॉक्लिन यांच्या तिघांच्या संचात ते सामील झाले. मॅक्लॉक्लिन यांनी 1970 नंतरच्या दशकात झाकिर हुसेन, एल. शंकर आणि विक्कू विनायकराम यांच्यासमवेत ‘शक्ती’ हा संच उभारला होता. त्यामुळे भारतीय तालाशी त्यांचा परिचय जुना होता. लंडनच्या रॉयल फेस्टिव्हल हॉलमध्ये नोव्हेंबर 1989 मध्ये झालेल्या या तिघांच्या मैफलीचे ध्वनिमुद्रण आजही आवर्जून ऐकले जाते. त्यात वाद्यांच्या जोडीने मुखाने म्हटलेले बोलही आहेत. लहानपणी गुरूसमोर जी पढंत झाली, तीच लंडनच्या रंगमंचावर संवादाचे साधन झाली. त्या मैफलीतील मॅक्लॉक्लिन यांच्या एका रचनेचे नाव आहे ‘मदर टंग्ज’, म्हणजे मातृभाषा, आणि तीही अनेकवचनात. मराठी शाळेच्या सभागृहात या नावाचा निराळा अर्थ सांगण्याची आवश्यकता नाही.

यापूर्वीच, 1988 साली, त्रिलोक यांची स्वतःच्या नावाची पहिली ध्वनिमुद्रिका ‘उस्फ्रेत’ प्रसिद्ध झाली होती. परदेशात नाव मिळवलेला तरुण वादक पहिल्या मुद्रिकेसाठी कोणाला बोलावतो? डॉन चेरी होते, ‘ओरेगॉन’चे राल्फ टाउनर होते. त्यांच्याबरोबर त्रिलोक यांनी आपल्या आईला बोलावले. साठी ओलांडलेल्या शोभाताई जॅझच्या वाद्यमेळात गायल्या. एका रचनेला त्यांचेच नाव जोडून ‘शोभारॉक’ म्हटले आहे. पुढे ‘क्रेझी सेंट्स’ (1993) या मुद्रिकेत जो झाविनुल आणि पॅट मथीनी यांच्यासारखे मातब्बर वादक होते, आणि शोभाताईही होत्या. ठुमरी गाणाऱ्या आईने मुलाच्या परक्या वाटणाऱ्या संगीतात आपला सूर मिळवला, ही गोष्ट पालकांनी मनावर घ्यावी अशी आहे. घरातले शिक्षण मुलाला घरात डांबण्यासाठी नसते, हे त्या माउलीला उमगले असावे. शोभाताई 2004 साली निवर्तल्या.

मान्यता मिळत गेली. ‘डाउनबीट’ या अमेरिकेतील जुन्या जॅझविषयक नियतकालिकाच्या समीक्षकांनी 1990 नंतरच्या वर्षांत त्यांना अनेकदा श्रेष्ठ तालवादक म्हणून निवडले. ‘आफ्रिकन फँटसी’सारख्या मुद्रिकेत त्यांनी आफ्रिकेतील गायिकांसमवेत काम केले, तर ‘21 स्पायसेस’ (2011) मध्ये जर्मनीतील मोठ्या जॅझ वाद्यवृंदासमवेत. ज्या वयात बहुतेक जण निवृत्तीचे हिशेब करतात, त्या वयात, 2019 साली, ‘गॉड इज अ ड्रमर’ ही नवी मुद्रिका त्यांनी रसिकांपुढे ठेवली.

येथे एक आक्षेप विचारात घेतला पाहिजे. दोन संगीतांच्या मिलाफाला ‘फ्यूजन’ म्हणतात, आणि जाणकारांची त्यावर नाराजी पुष्कळदा रास्त असते. रागाचा धड विस्तार नाही आणि जॅझमधील स्वरसंगतीची धड जाण नाही, नुसता वेग आणि टाळ्या, असे कार्यक्रम थोडे झालेले नाहीत. दोन भाषा अर्धवट येणारा माणूस जसा दोहोंची खिचडी करून वेळ निभावून नेतो, तसाच हा प्रकार. परंतु हा दोष मिलाफाचा म्हणता येत नाही, तो अपुऱ्या तयारीचा आहे. त्रिलोक यांच्या वादनात तबला लागतो तेव्हा तो तबल्यासारखा वाजतो, आणि जॅझचा झोका येतो तेव्हा तो त्या परंपरेत वाढलेल्या वादकांना मान्य होतो. म्हणून त्यांच्याबाबतीत ‘मिश्रण’ हा शब्द अपुरा पडतो. तो दोन भाषांतला संवाद आहे, आणि संवादासाठी दोन्ही भाषा यायला लागतात.

श्रोतेहो, आता आपल्या दारातल्या प्रश्नाकडे परत येऊ. या उदाहरणावरून ‘मातृभाषा आली की सारे आले’ असा सोयीचा निष्कर्ष काढणे प्रामाणिकपणाचे होणार नाही. त्रिलोक गुर्टू केवळ तबल्याच्या बळावर मॅक्लॉक्लिन यांच्या शेजारी बसले नाहीत. दुसरी भाषाही त्यांनी तितक्याच निष्ठेने आत्मसात केली. तेव्हा मराठी शाळेचे कर्तव्य दुहेरी आहे. मुलाला मराठीत विचार करायला शिकवायचे, आणि इंग्रजी व स्थानिक भाषा कोठेही कमी पडणार नाहीत इतक्या कसोशीने शिकवायच्या. पहिल्या कर्तव्याचा अभिमान बाळगून दुसऱ्यात हयगय केली, तर पालकांची शंका खरी ठरेल आणि तो दोष मराठीच्या माथी येईल. साठ वर्षांच्या टप्प्यावर ही गोष्ट स्वतःला स्पष्ट बजावणे शाळेला भागच आहे.

पण उत्तराची दुसरी बाजूही तितकीच खरी आहे. पढंतीत ज्याने तालाचे तर्कशास्त्र पचवले, त्याला परका ताल समजून घेण्यासाठी एक माप हाताशी असते. बेरीज-वजाबाकी, कारण आणि परिणाम, आनंद आणि रुसवा हे सारे ज्या भाषेत मुलाने प्रथम जाणले, ती त्याची पढंत होय. त्या बळावर तो दुसरी भाषा शिकतो तेव्हा केवळ शब्द बदलायचे असतात, समज नव्याने उभारावी लागत नाही. ती पढंत कच्ची ठेवून एकदम परक्या वाद्यावर हात ठेवला, तर काठी चालते, पण सम सापडत नाही.

येथे बसलेले माजी विद्यार्थी निरनिराळ्या व्यवसायांत आहेत, निरनिराळ्या प्रांतांत आणि देशांत त्यांचे व्यवहार निरनिराळ्या भाषांत चालतात. तरी घाईत रक्कम मोजताना किंवा अचानक ठेच लागताना तोंडून काय येते, ते त्यांनीच आठवून पाहावे. या शाळेच्या बाकांवर म्हटलेले पाढे आणि कविता तेथे अजून उभ्या असतील.

आणि ज्या पालकांनी यंदा मुलाचा हात धरून या दारात पाऊल टाकले आहे, त्यांना शाळेचे उत्तर असे आहे : बोल पक्के करण्याची जबाबदारी शाळा आणि घर मिळून घेऊ. पुढे त्याने कोणते वाद्य उचलावे, कोणत्या देशात मैफल मांडावी, हे त्याचे त्याने ठरवावे. आणि त्याने कधी आपल्या नव्या, अनोळखी संगीतात आपल्याला गायला बोलावलेच, तर शोभाताईंप्रमाणे आपणही जावे.